नऊ मेची द्वादशी

नानाखेडा, उज्जैन
२४ मार्च २०२५

चि. मधुरा,

आशीर्वाद. या वस्तू तुला नको असतील तर इल्झेला दे. ती साडेतीन वर्षांची आहे, आजीवर रागावायला तिला अजून वेळ आहे.

हे पत्र पार्सलातच घालते आहे. समोरच्या कल्पनाभाभींची मुलगी पूजा सुट्टी संपवून परवा तुमच्या रीगाला परत निघते आहे, डॉक्टरीचं चौथं वर्ष आहे तिचं. तिच्या बॅगेत मला दोन किलो जागा मिळाली. फोन तू उचलत नाहीस. मेसेजला एकच टिक येते, म्हणजे तू मला ब्लॉक केलं आहेस, असं तुझ्या अमोलदादानं मला समजावून सांगितलं. काकूला समजावताना त्याला फार मजा येत होती. असो. अक्षर काही ब्लॉक करता येत नाही, तेव्हा आता पत्रं.

पार्सलात मेतकूट आहे, थालीपिठाची भाजणी आहे, इल्झेसाठी भैरवगढच्या छाप्याची चादर आहे आणि नेहमीप्रमाणे महाकालाची पुडी आहे. आंद्रिस जावई असला तरी त्याला मेतकूट सूपमध्ये टाकू देऊ नकोस. मागच्या वेळी टाकलं होतं, आणि वर छान लागलं म्हणाला होता.

कल्पनाभाभी इथे शेजारीच बसल्या आहेत. एकेक वस्तू हातात घेऊन बघताहेत. "भाभीजी, इसमें ऐसा-वैसा कुछ नहीं है ना? एअरपोर्ट पे बच्ची को रोक लेंगे." मी म्हटलं, "अरे नहीं, बाबा महाकाल की भस्म है." त्यांनी पुडी कपाळाला लावली आणि स्वतःच्या हातानं बॅगेत ठेवली. त्यामुळे जास्त लिहीत नाही. पुढचं पत्र पोस्टानं येईल, ते मात्र वाच.

तुझी आई


३ एप्रिल २०२५

मधुरा,

पूजा सांगते, ३१ तारखेला तिनं पार्सल आंद्रिसच्या हातात दिलं. तू घरी नव्हतीस. म्हणजे पुडी तुमच्या घरात आहे आणि हे पत्र तिच्या मागून बैलगाडीनं येतं आहे. म्हणून आधी मुद्द्याचं लिहिते.

त्या पुडीत महाकालाचं भस्म नाही. त्यात बाबा आहेत.

बसून वाच. तिसऱ्या दिवशी चक्रतीर्थावर अस्थी गोळा केल्या, तेव्हा अमोलनं कलश उचलायच्या आधी मी मूठभर राख पदराला बांधून घेतली. कुणाला कळलं नाही. अमोलला तर मुळीच नाही. अग्नी त्यानं दिला, क्षिप्रेत विसर्जन त्यानं केलं, त्याला कळलं तर त्याला वाटेल काकूनं कार्य अर्धवट ठेवलं. दहा महिने ती राख स्टीलच्या डबीत तांदळाच्या डब्यामागे होती. आता पाठवायची वेळ आली तर कल्पनाभाभी मेलेल्या माणसाची राख मुलीच्या सामानात कशाला ठेवू देतील? म्हणून देवळाबाहेर मिळते ती भगवी पुडी आणली, आतलं भस्म तुळशीत ओतलं आणि बाबांना त्यात भरलं. भाभींनी पुडी कपाळाला लावली तेव्हा मला हसावं की रडावं कळेना. बाबांना ती बाई कधीच आवडली नाही.

पण चूक माझीच. पार्सलातल्या पत्रात मी 'नेहमीप्रमाणे' असं लिहून बसले. आणि तुझं नेहमीचं मला ठाऊक आहे. सकाळी इल्झेला बालवाडीत सोडायच्या आधी कपाळाला चिमूटभर लावायचं, ऑफिसातल्या कुणी मागितलं तर कागदात बांधून द्यायचं, उरलेलं कुंडीत. मधुरा, पुडी फोडली असशील तर तिथेच थांब. कुणाला दिली असशील तर मागून घे. काहीही कारण सांग.

हे पाठवायचं कारण. बाबांनी शेवटच्या आठवड्यात एकच गोष्ट मागितली. "थोडी राख तिथे. मधुराच्या हातानं." तिथे म्हणजे कुठे ते तुला वेगळं सांगायला नको. आपल्या बाहेरच्या खोलीत तो फोटो तू जन्मभर बघितला आहेस: रीगातला तो उंच सोव्हिएत विजयस्तंभ, टोकाला तारे, खाली बर्फ, आणि समोर उसनी केसाळ टोपी घातलेले, हातात तीन लाल फुलं धरलेले बाबा. मिलनं त्यांना नव्या मागांच्या ट्रेनिंगला दहा महिने पाठवलं तेव्हाचा.

आणि तो स्तंभ आता नाही, हेही मला ठाऊक आहे. ऑगस्ट २०२२ मध्ये पाडला. तूच व्हिडिओ पाठवला होतास. खांब वाकला, बाजूच्या तळ्यात कोसळला, आणि व्हिडिओत तुझाच आवाज होता, टाळ्याही तुझ्याच होत्या. खाली लिहिलं होतंस, अखेर गेला.

बाबा फोनवर एवढंच म्हणाले, "पाडा की, तुमचं गाव आहे. टाळ्या कशाला?" तू म्हणालीस, "बाबा, तुम्ही तिथे दहा महिने पाहुणे होतात. आंद्रिसच्या आजीला सहा वर्षांची असताना मालगाडीत कोंबून सायबेरियाला नेलं, त्याच लोकांचा खांब होता तो. तुमच्या एका फोटोसाठी या गावानं तो सांभाळायचा का?" बाबा म्हणाले, "बरं." फोन ठेवला आणि भर दुपारी चार वाजता आंघोळीला गेले. त्यांच्या मिलची चिमणी पाडली त्या दिवशीही ते बघायला गेले होते आणि घरी येऊन अशीच आंघोळ केली होती, माणूस गेल्यासारखी. त्यानंतर तुमचं बोलणं दिवाळी आणि पाडवा एवढंच उरलं.

तुझं म्हणणं चुकीचं होतं असं मी म्हणत नाही. सहा वर्षांच्या पोरीला मालगाडीत घालणाऱ्यांचा खांब मीही घरासमोर ठेवला नसता. तरी बाबांचं काम आहे, तेवढं कर. वर्षश्राद्ध वैशाख शुद्ध द्वादशीला येतं. यंदा ती शुक्रवारी आहे, ९ मे. त्याच दिवशी कर. तिथी चुकवू नकोस, बाकी काही विधी नको. जिथे खांब होता तिथे उभी राहा आणि पुडी सोड.

आई


१६ एप्रिल २०२५

मधुरा,

तुझं काही नाही. एका ओळीचंही नाही. पोस्टमन आपल्या गल्लीत आला की मी गेटाशी जाऊन उभी राहते. काल तो म्हणाला, "माताजी, आपका कुछ नहीं है, आप बैठो." म्हणजे आता त्यालाही माझी कीव येते.

तू जाणार नाहीस अशी मला धास्ती आहे. का जावंस? ज्या जागेपायी बापाशी भांडलीस तिथेच बापाला घेऊन जायचं, हे मलाही विचित्रच वाटतं. तुला जायला कारण हवं. ते कारण माझ्याजवळ आहे आणि मी ते एकोणचाळीस वर्षं दाबून ठेवलं आहे. आता ताकाला जाऊन भांडं लपवण्यात अर्थ नाही.

तुला आम्ही सांगत आलो की तू झालीस तेव्हा बाबा दवाखान्याच्या व्हरांड्यात येरझारा घालत होते, आणि तू वर्षाची असताना ते रशियाला गेले. खोटं आहे. तू १९ जानेवारी १९८६ ला झालीस आणि बाबा त्या वेळी रीगात होते, तेव्हा ते रशियातच मोडायचं. सप्टेंबरात गेले. मला पाचवा महिना होता. मिलनं विचारलं होतं, पुढच्या तुकडीत जाता का? ते म्हणाले, पुढची तुकडी कुणी बघितली. गेले. मी दोन दिवस कळा दिल्या. सासूबाई उशाशी बसून म्हणत होत्या, नवरा परदेशात आणि ही इथे मरायला टेकली. बारशाला पाहुण्यांनी विचारलं, बाप कुठे? मी त्या दिवशी ठरवलं की हे मी विसरणार नाही. आणि विसरले नाही. माझा स्वभाव तुला ठाऊक आहे, सुंभ जळला तरी पीळ जात नाही.

तार त्यांना पाच दिवसांनी मिळाली. होस्टेलात बातमी सांगायला कुणी नव्हतं. बरोबरचे दोघं आजारी, भाषा येत नाही. तार खिशात घालून ते चालत सुटले. बर्फात पूल ओलांडून त्या बागेत गेले, कारण नवा उभा केलेला तो खांब लांबून दिसत होता आणि रस्ता चुकायची भीती नव्हती. तिथे एक म्हातारी फुलं विकत होती. बाबांनी तिला हातांनी बाळ जोजवून दाखवलं. तिनं त्यांना तीन फुलं दिली. हे चौथं उचलायला गेले तर तिनं हातावर चापटी मारली. पुढे कुणीतरी त्यांना समजावलं की तिकडे मेलेल्या माणसाला जोडीनं फुलं देतात, दोन, चार, सहा. जिवंत माणसाला एक, तीन, पाच. एका फोटोवाल्याला त्यांनी होते ते पैसे दिले आणि फोटो काढून घेतला. तोच हा फोटो. तीन फुलं तुझी आहेत. मागे खांब होता म्हणून तो फोटोत आला.

परत आले तेव्हा तू सहा महिन्यांची होतीस. फोटो दाखवत हे सगळं त्यांनी मला मोठ्या आनंदानं सांगितलं. मी म्हटलं, "मी इथे मरत होते आणि तुम्ही तिथे दगडासमोर फोटो काढत होतात. हे मुलीला कधी कळता कामा नये. माझी शपथ." मोठ्या दिरांकडून, सासूबाईंकडून, सगळ्यांकडून वदवून घेतलं. ज्यांना ठाऊक होतं ते एकेक करून गेले. अमोल तेव्हा तीन वर्षांचा, त्याला आठवत नाही. बाबांनी शपथ पाळली. तू टाळ्या वाजवल्यास तेव्हाही पाळली. 'बरं' म्हणाले आणि माझ्याकडे एकदा बघितलं. मी भाजी निवडत राहिले.

अजून एक आहे. ते लिहिलं नाही तर वरचं लिहून उपयोग नाही.

बाबांचं दुखणं तुला मी कळवलं नाही, ते गेल्यावर कळवलं. कारण मी सांगितलं की त्यांनीच नको म्हटलं होतं. पहिल्या आठवड्यात म्हटलं होतं, ते खरं आहे. तिसऱ्या आठवड्यात त्यांनी विचारलं, "मधुरा कधी येते?" मी म्हटलं, "येते आहे." दुसऱ्या दिवशी परत विचारलं. मी परत म्हटलं, "येते आहे." फोन माझ्या हातात होता. मला भीती वाटली की तू आलीस की ते तुला सगळं सांगतील, माणूस जाताना शपथ कुठे पाळतो? आणि मग तू माझ्याकडे बघशील. म्हणून मी तुला बोलावलं नाही. तेराव्याला लोकांना सांगितलं, मधुराला रजा मिळाली नाही. सगळ्यांनी मान हलवली. तुझ्या नावानं हलवली.

एवढंच. स्पीड पोस्टानं टाकते आहे.

आई


६ मे २०२५

मधुरा, जाऊ नकोस.

हे पत्र तुला वेळेवर मिळणार नाही हे मला कळतं, पण हातानं काहीतरी करायला हवं म्हणून लिहिते आहे.

काल पूजाचा फोन आला होता. कल्पनाभाभींनी स्पीकरवर लावला. मी सहज म्हटलं की ९ मेला आमच्याकडे दिलीपरावांचं वर्षश्राद्ध आहे. पूजा म्हणाली, "आंटी, नौ मई को तो हम लोग उस तरफ जाते ही नहीं." मी विचारलं, कोणत्या तरफ? ती म्हणाली, तो रशियाचा विजय दिवस असतो, जिथे मोन्युमेंट होता तिथे सकाळपासून पोलिस असतात, कुणी फुलं घेऊन आलं तर अडवतात, दंड होतो, नाव लिहून घेतात. तिच्या कॉलेजनं परदेशी मुलांना सूचनाच दिली आहे.

मी पंचांग बघून तारीख काढली, मधुरा. त्या लोकांचं पंचांग मला काय माहीत? वर्षाच्या तीनशे पासष्ट दिवसांतला नेमका तोच दिवस, नेमकी तीच जागा, आणि वर खिशात राखेची पुडी. पोलिसानं विचारलं हे काय, तर तू काय सांगणार? तुझी नोकरी, तुझा कायमचा राहण्याचा परवाना, आंद्रिसचे लोक. सून रशियाच्या दिवशी त्या जागेवर गेली असं त्याच्या आजीला कळलं तर? म्हातारीला मी हे काय करून ठेवलं?

तू जाणार नाहीस असं मला दोन पत्रांत वाटत होतं. आता वाटतं की तू जाशील. तुझं माझ्यासारखंच आहे, मनात आलं की करतेस.

तिथीचं काही नाही. गुरुजींना मी विचारलं, यज्ञेश्वरशास्त्रींना. ते म्हणाले, परदेशात अडचण असेल तर सर्वपित्रीला करा, शास्त्राला चालतं. शास्त्राला चालतं तर तुला का चालू नये?

पूजाला आज तुझ्याकडे पाठवलं होतं. दार बंद आहे. शेजारीण म्हणाली, गावाला गेले, आजीकडे. इथे टीव्हीवर आपल्याच सीमेवरच्या बातम्या आहेत. इंदूरला उद्या भोंगे वाजवून सराव करणार म्हणतात. सगळी गल्ली त्याबद्दल बोलते आहे आणि मी मान हलवते आहे. माझं मन रीगाच्या एका बागेत आहे जी मी कधी बघितलीही नाही.

शेवटी आज अमोलला सांगितलं. राखेचंही सांगितलं. तो म्हणाला, "काकू, कलश मला हलका लागला होता." त्यानं तुला मेसेज टाकला, नऊला जाऊ नकोस म्हणून. दोन टिका आल्या, निळ्या झाल्या नाहीत. मी दर पाच मिनिटांनी विचारते, तो दर पाच मिनिटांनी फोन दाखवतो. चिडत नाही, याचंच मला वाईट वाटतं.

आई


९ मे २०२५, दुपार

मधुरा,

सिद्धवटावरून आत्ताच आले. अमोलनं केलं सगळं. पिंड झाले, तर्पण झालं. गुरुजींनी विचारलं, "मुलीच्या नावानं पाणी सोडायचं का? ती येऊ शकली नाही ना." मी तोंड उघडलं, नेहमीचं रजेचं सांगायला. आणि म्हटलं, "गुरुजी, तिला मी येऊ दिलं नाही. मागच्या वर्षीही तिला रजेची अडचण नव्हती, मीच कळवलं नव्हतं." अमोलचे आईवडील नाहीत, पण त्याची बायको होती, देवासची आत्या होती, दोन शेजारी होते. सगळ्यांनी ऐकलं. आत्या म्हणाल्या, "अगं अलका, आम्ही त्या पोरीला काय काय बोललो." मी म्हटलं, बोललात ते आता मला बोला. त्या दर्भ गोळा करायला लागल्या. बोलल्या असत्या तर बरं झालं असतं.

मग गुरुजींनी तुझ्या नावानं पाणी सोडलं. अमोलच्या हाताला मी हात लावला होता.

आता तिकडे सकाळचे अकरा वाजले असतील. पोलिस असतील. तू असशील की नाही, मला कळत नाही. टिका निळ्या झाल्या का, हे मी आता विचारायचं बंद केलं आहे. पान वाढून ठेवलं आहे. कावळा लगेच शिवला. बाबा जेवणाच्या बाबतीत कधी मानपान करत नसत.

एक कबूल करते. तू जाऊ नयेस असं मी अमोलला लिहायला लावलं, देवाला सांगितलं, गुरुजींना सांगितलं. पण पाणी सोडताना मनात आलं, जा. एकदाच आलं. मग मी घाबरून मन दुसरीकडे वळवलं.

हे पत्र टाकत नाही. तुझी बातमी आली की टाकीन.

आई


२७ मे २०२५

चि. मधुरा,

तुझं पाकीट काल आलं. पोस्टमननं गेटाशी हाक मारली, "माताजी, आज आपका है." फोडायला मला कात्री सापडेना. दातांनी फोडलं.

एका पानाचं पत्र आणि एक फोटो. ओळी मी इतक्या वेळा वाचल्या की पाठ झाल्या, तरी इथे परत उतरवते, म्हणजे मला बरोबर कळलं का ते तू सांग.

लिहितेस की माझं राखेचं पत्र २२ एप्रिलला मिळालं आणि तोवर पुडी निम्मी झाली होती. रोज सकाळी इल्झेच्या कपाळाला. तीन आठवडे बाबा तिच्याबरोबर बालवाडीत जात होते. ते वाचून मी मोठ्यानं हसले. एकटीच, स्वयंपाकघरात. तुझ्या जन्माला पोचले नाहीत आणि नातीच्या बालवाडीत रोज हजर. मग रडले, हेही सांगायला हरकत नाही.

लिहितेस की दुसरं पत्र मिळाल्यावर दहा दिवस तू कुणाशी बोलली नाहीस आणि माझा तुला इतका राग आला की मी मेले असते तर बरं, असंही एकदा वाटलं. हे लिहिलंस ते बरं केलंस. मी वाचलं आणि घडी घालून देवघरात ठेवलं. त्यावर माझं काही म्हणणं नाही.

मग लिहितेस की आंद्रिसच्या आजीला तू फोटोची गोष्ट सांगितलीस. ती म्हणाली, त्या जागेवर मी मेले तरी येणार नाही. आणि उठून बागेत गेली, चार ट्यूलिप तोडून आणले, कारण माणूस मेलेला आहे. तू त्यातलं एक तिच्या टेबलावर पेल्यात ठेवलंस आणि तीन घेऊन निघालीस. म्हातारीनं बघितलं आणि मोजलं. नऊ तारखेलाच गेलीस, इल्झेला घेऊन, अमोलचा मेसेज वाचूनही. आंद्रिस ट्रामच्या थांब्यावर उभा राहिला, पुढे आला नाही. त्याला मी दोष देत नाही. थांब्यापर्यंत आला, हेच माझ्या दृष्टीनं पुष्कळ.

पोलिसानं तुला गवताच्या कडेला अडवलं. फुलं कुणासाठी, असं विचारलं. तू म्हणालीस, "माझ्यासाठी. तीन आहेत, मोजा." त्यानं मोजली. एवढा वेळ तुझा दुसरा हात कोटाच्या खिशात होता, खिशाची शिवण तू घरीच उसवून आली होतीस, आणि चालता चालता तिथून राख गवतात सोडत होतीस. त्यानं तुला चालू दिलं. फुलं तिथे ठेवायची नाहीत, एवढंच म्हणाला. तू म्हणालीस, ठेवायची नाहीतच, घरी न्यायची आहेत.

फोटो आंद्रिसनं लांबून काढलेला दिसतो, थांब्यावरून. नुसतं गवत आहे, मागे काही नाही. तू लहानशी दिसतेस. इल्झे तुझा कोट धरून उभी आहे आणि भिंग लावलं तर तिच्या कपाळावर करडी रेघ दिसते. मी बाबांच्या फोटोशेजारी तो लावला. त्यांच्या मागे खांब, तुझ्या मागे आभाळ. तीन फुलं दोघांच्याही हातात आहेत.

"मधुरा कधी येते?" असं त्यांनी दोनदा विचारलं होतं. मी दोनदा 'येते आहे' म्हणाले होते.

शेवटची ओळ: ब्लॉक काढला आहे, पण लगेच फोन करू नकोस.

करत नाही. म्हणूनच हे पत्र. नऊ तारखेचंही आता यातच घालते आहे. तू सांगशील तेव्हा करीन. फोन चार्ज करून ठेवला आहे.

आई